जादूचा आरसा दर वेळी गोष्ट मारतो: दुरुस्ती नेमकी कुठे करायची

टेबलाभोवती बसून, एकेका पात्राची भूमिका घेऊन मिळून गोष्ट खेळायची, असे रोलप्लेचे डाव चालवणाऱ्या सगळ्यांची तक्रार एकच असते, जगाचं नाव तेवढं बदलतं. कल्पित राज्य उभं केलं, त्यात एक जादूचा आरसा ठेवला, पहिल्या दिवशी सगळे हरखले. त्यानंतर मात्र प्रत्येक पेचाला टेबलाभोवतीचं कोणीतरी म्हणतं, "आरशात बघू या ना." खून कोणी केला? आरशात बघू या. राजकन्येला कुठे डांबलंय? आरशात बघू या. तटावर पहारा किती? आणा तो आरसा. आठवडाभर डोकं खाजवून रचलेलं कोडं दोन मिनिटांत सुटतं आणि उरलेली संध्याकाळ चहा-भज्यांवर जाते.

हे दुखणं फक्त रोलप्लेचे डाव चालवणाऱ्यांचं नाही. कादंबरी लिहिणाऱ्याला तर ते जास्त छळतं, कारण त्याचा वाचक मागची पानं उलटून विचारतो, "हिच्याकडे आरसा होता ना, मग तेव्हाच का नाही बघितलं?" या प्रश्नाला "सुचलं नाही" हे उत्तर चालत नाही.

नेहमीची मलमपट्टी आणि ती का सुटते

पहिली पट्टी: आरसा दिवसातून एकदाच चालतो. खेळाडू म्हणतात, ठीक आहे, झोपतो, उद्या बघू. गोष्ट आणखी एक दिवस लांबते, एवढाच फरक.

दुसरी: आरसा कधीकधी खोटं दाखवतो. ऐकायला झकास वाटतं, पण खरं-खोटं ओळखायची काही खूण नसेल तर दोन-तीन फसवणुकींनंतर कोणी आरशाकडे ढुंकून बघत नाही. आरसा झोळीत पडून राहतो आणि तुम्ही त्याच्यासाठी लिहिलेला सगळा इतिहास वाया जातो.

तिसरी: खलनायकावर कवच आहे, तो आरशात दिसत नाही. ही तर उलटीच पडते. गावातल्या सगळ्यांना एकेक करून आरशात बघायचं. जो दिसत नाही तो चोर. तुम्ही लपवलेली माहिती तुम्हीच हातात दिली.

चौथी, वैतागून केलेली: आरसा चोरीला जातो किंवा फुटतो. खेळाडूंना लगेच कळतं की हा तुमचा राग आहे. मग ते मूळ मोहीम सोडून आरसा परत मिळवायच्या मागे लागतात, आणि त्यांचं काही चुकतं असं मला वाटत नाही.

छापील नियमांनी काय केलंय तेही बघण्यासारखं आहे. 'डन्जन्स अँड ड्रॅगन्स' या गाजलेल्या रोलप्ले खेळाच्या पाचव्या आवृत्तीत दूरचं बघण्याचा 'स्क्राइंग' हा मंत्र आहे. त्याला किमान १,००० सोन्याच्या नाण्यांचं साधन लागतं. चांदीचा आरसा चालतो, स्फटिकाचा गोळाही चालतो. मंत्र टाकायला १० मिनिटं, बघायला फार तर १० मिनिटं. ज्याला बघायचं त्याला सुटकेसाठी फासा टाकता येतो (आकडा जितका मोठा तितकी सुटका सोपी), आणि खरी मजा तिथल्या तक्त्यात आहे. त्या माणसाबद्दल तुम्ही नुसतं ऐकलेलं असेल तर त्याच्या फाशात ५ मिळवायचे. त्याचं चित्र तुमच्याकडे असेल तर २ वजा, अंगावरचा कपडा असेल तर ४ वजा, केस किंवा नखाचा तुकडा असेल तर थेट १० वजा. नखं-केस उघड्यावर टाकू नका म्हणून ओरडणाऱ्या आज्ज्यांना हा तक्ता समजावून सांगावा लागला नसता.

हा नियम चांगला आहे, कारण बघण्याआधी काहीतरी मिळवावं लागतं, आणि ते मिळवायला घराबाहेर पडावं लागतं. पण त्यात आरशाचं असं काहीच नाही. आरशाच्या जागी गोळा ठेवा, पाण्याचं कुंड ठेवा, सगळं तसंच चालतं. आपला बिघाड नेमका इथेच आहे. आपण आरसा म्हणतो आणि प्रत्यक्षात सीसीटीव्ही बसवतो: कोन लागत नाही, उजेड लागत नाही, समोरच्याला पत्ता लागत नाही, काच पुसावीही लागत नाही. वरच्या चारही पट्ट्या या कॅमेऱ्यावर बाहेरून लावलेली कुलपं आहेत. ती काढा आणि आरशाला त्याच्या मूळच्या सवयी परत द्या. खऱ्या आरशात इतक्या अडचणी आहेत की नव्या शोधाव्या लागत नाहीत.

पहिला उपाय: पलीकडेही आरसा लागतो

माझ्या जगातल्या आरशाचं नाव 'साक्षी'. नियम असा, की साक्षी फक्त दुसऱ्या चकाकत्या पृष्ठभागात पडलेलं प्रतिबिंब दाखवू शकते. पलीकडे आरसा, पाणी, घासलेली तलवार, तांब्या, काहीतरी हवंच. नुसत्या भिंती असलेल्या खोलीत साक्षी आंधळी.

एवढ्या एका वाक्याने अर्धं काम होतं. "राजकन्या कुठे आहे" या प्रश्नाच्या जागी "तिच्या आसपास चकाकणारं काय असेल" हा प्रश्न येतो, आणि तो खेळायला कितीतरी बरा आहे. खेळाडू डोकं लढवायला लागतात: तिच्या कानात कुड्या होत्या, पहारेकऱ्याचं शिरस्त्राण, जेवणाचं ताट. खलनायकही लढवतो. शहाणा खलनायक घरातली भांडी राखेने घासू देत नाही, काळीच ठेवतो. काळी भांडी दिसली की खेळाडूंनी कान टवकारावेत, ही खूण मी फुकट देतो.

मग पृष्ठभागाचा आकार आला. तांब्याच्या फुगीर पोटात सगळी खोली मावते, पण बारीक आणि वाकडी. दार कुठे आहे ते कळतं, दारातला माणूस कोण ते कळत नाही. पळीच्या खोलगट बाजूत लांबचं सगळं उलटं दिसतं, डोकं खाली आणि पाय वर. आमेरच्या किल्ल्यातल्या शीशमहालासारखी जागा असेल तर आणखी धमाल: तो महाल सतराव्या शतकातला, मिर्झाराजे जयसिंगांच्या काळचा (पुरंदरच्या तहाचे तेच मिर्झाराजे), आणि त्याच्या भिंती-छतांत आरशांचे बारीक तुकडे जडवलेत. अशा महालात साक्षी रोखली तर शेकडो इवल्या प्रतिमा मिळतील आणि एकही धड मिळणार नाही. शत्रूने महाल आरशांनी मढवून स्वतःला लपवलंय, हे खेळाडूंच्या लक्षात यायला वेळ लागतो. तो वेळ फार मजेत जातो.

हे टेबलावर कसं दिसतं ते एका प्रसंगातून सांगतो. एका गावाच्या विहिरीत रोज पहाटे कोणीतरी विष कालवतंय. खेळाडू साक्षीला विहिरीच्या पाण्यावर रोखून बसतात. दिसतं काय? आभाळाचा गोल. उजाडायला लागलंय, गोलाच्या कडेने काठाचे दगड. मग कडेवरून एक डोकं आत येतं, आणि ते काळं आहे. विहिरीत डोकावणाऱ्याच्या मागे उजळ आभाळ असतं, त्यामुळे त्याचा चेहरा सावलीतच राहतो. कुठल्याही विहिरीवर जाऊन बघा. नाकडोळे नाहीत, फक्त पागोट्याची आकृती. उजवा हात पुढे येतो, पुरचुंडी सुटते, आणि पाण्यावर तरंग उठून सगळं चित्र मोडतं. तरंग शांत होईतो तिथे फक्त आभाळ.

खेळाडू लगेच गावातल्या उजव्या हाताच्या, पागोटंवाल्या माणसांची यादी करायला बसले. त्यातली एक जण मात्र म्हणाली, "थांबा, ते पाणी आहे. हात डावा होता." प्रतिबिंबात डावा हात उजवा दिसतो, हे सगळ्यांना लहानपणापासून ठाऊक असतं आणि ऐन वेळी कोणालाच आठवत नाही. साक्षीने त्यांना उत्तर दिलं नाही, पुरावा दिला. तपास पुढे त्यांनीच केला.

दुसरा उपाय: तुम्ही बघता तेव्हा तोही बघतो

एकच नियम घेणार असाल तर हा घ्या. प्रकाश ज्या वाटेने येतो त्याच वाटेने उलटा जाऊ शकतो. रिक्षातल्या आरशात तुम्हाला ड्रायव्हरचे डोळे दिसत असतील तर त्यालाही तुमचे दिसतायत. शाळेत सगळे हे शिकतात आणि काल्पनिक जगात पाऊल टाकताच विसरतात.

म्हणजे साक्षीत डोकावलं की पलीकडच्या तांब्यात, पाण्यात, तलवारीत तुमचा चेहरा उमटतो. कोणी नेमकं तिथे बघत असेल तर तुम्ही पकडले गेलात. आता बघणं फुकट राहिलं नाही. खेळाडू आरसा काढण्याआधी एकमेकांकडे बघतात, आणि कोण बघणार यावर वाद होतो. काही चेहरे ओळखीचे असतात, काही नसतात. बुटक्या चोराला पुढे ढकललं जातं कारण त्याला दरबारात कोणी ओळखत नाही.

याला एक पळवाट आहे आणि ती खेळाडूंना स्वतःहून सापडू द्यावी. चौकशीच्या खोलीत एका बाजूने दिसणारी काच असते, तिच्यात जादू नसते. ती थोडा प्रकाश परतवते, थोडा आरपार सोडते, आणि सगळा खेळ उजेडाच्या फरकावर चालतो: उजेडातल्याला स्वतःचं प्रतिबिंब दिसतं, अंधारातल्याला पलीकडचं. दोन्हीकडचे दिवे सारखे केले की काच दोन्ही बाजूंनी उघडी. साक्षीलाही हेच लावा. बघणाऱ्याने दिवा विझवला तर तो पलीकडे दिसत नाही. पण मग त्याला नकाशा वाचता येत नाही, टिपणं काढता येत नाहीत, मागून कोण आलं तेही कळत नाही. आणि ज्या खलनायकाला हे माहीत आहे तो स्वतः अंधारात बसतो, समोर तेवढी एक समई, तीही आरशाकडे तोंड करून.

"दिवसातून एकदाच" हा नियम ज्यांनी लावलाय त्यांनी तो काढून हा बसवावा. किती वेळा बघायचं ते मग खेळाडूच ठरवतात. ते फार वेळा बघत नाहीत.

तिसरा उपाय: आरसा सांभाळावा लागतो

आपल्या डोक्यात आरसा म्हणजे काच आणि मागे लावलेलं काहीतरी. चांदीचा पातळ थर काचेवर चढवण्याची रासायनिक पद्धत जर्मनीच्या युस्टुस फॉन लीबिगने १८३५ मध्ये शोधली; त्याआधी काचेमागे कथील आणि पारा असे. आणि त्याही आधी हजारो वर्षं आरसा म्हणजे घासलेला धातू किंवा दगड. तुमचं जग तलवारी-घोड्यांचं असेल तर त्यात धातूचा आरसाच शोभतो, आणि तो नखरेल असतो.

केरळातल्या पंपा नदीकाठच्या आरन्मुळा गावात असा आरसा अजून बनतो, आरन्मुळा कण्णाडी. तांबं आणि कथील यांचा मिश्रधातू, मातीच्या साच्यात ओतलेला, मग दिवसचे दिवस हाताने घासलेला. प्रमाण काही घराण्यांनी गुपित राखलंय आणि त्याला भौगोलिक मानांकनही आहे. तो ओळखायची रीत सुंदर आहे: पेनाचं टोक आरशाला टेकवा. घरच्या काचेच्या आरशात टोक आणि त्याचं प्रतिबिंब यांच्यात काचेच्या जाडीमुळे फट दिसते. कण्णाडीत फट नाही, टोकाला टोक भिडतं, कारण प्रतिबिंब वरच्याच पृष्ठभागावर पडतं.

ही फट गोष्टीत फार कामाची आहे. तुमच्या जगात बनावट जादूचे आरसे विकणारे असतीलच. त्यांच्या आरशात फट असते. साक्षीत नसते, आणि म्हणूनच कदाचित तिला हात लावायला लोक घाबरतात.

पण हाच पृष्ठभाग उघडा असतो. बोटाचा डाग पडतो, दमट हवेत चमक उतरते, चुकीच्या फडक्याने पुसलं की ओरखडे. शिवाय कथील जास्त असलेला असा धातू कडक पण ठिसूळ. पडला तर काचेसारखा तडकतो. म्हणजे मोहिमेवर नेताना कोणीतरी तो छातीशी धरून चालायचं, आणि तो माणूस लढणार कसा? झिलई करणारा कारागीर एकच, तोही चार दिवसांच्या वाटेवर. मंद झालेल्या आरशात आकृत्या दिसतात, चेहरे नाहीत. अशा आरशाबद्दल "कधीकधी खोटं दाखवतो" म्हणायची गरज पडत नाही. तो खरंच दाखवतो, पण पुसट, आणि चूक होते ती बघणाऱ्याची.

काळा दगडी आरसा हवा असेल तर ब्रिटिश म्युझियममध्ये आहे तसा, ऑब्सिडियनचा, म्हणजे ज्वालामुखीच्या काळ्या काचेचा. तो इंग्लंडच्या जॉन डी या सोळाव्या शतकातल्या गणिती-ज्योतिषाच्या नावाने ओळखला जातो. त्याचा दगड मेक्सिकोतल्या पाचुका इथला असल्याचं २०२१ मध्ये तपासणीतून निघालं. अझ्टेकांच्या तेझ्कात्लिपोका या देवाचं नावच 'धुरकट आरसा'. अशा काळ्या काचेवर समोरून पडलेल्या उजेडापैकी चार-पाच टक्केच परत येतो, त्यामुळे दिसतं ते खोल पाण्यात बुडाल्यासारखं.

चौथा उपाय: बघणारा वेगळा, मालक वेगळा

जॉन डीला स्वतःला काही दिसत नसे. आत्मे बघायला तो दुसऱ्यांना बसवी. त्यातला सर्वांत गाजलेला एडवर्ड केली. केली बघून सांगायचा, डी लिहून घ्यायचा. आपल्याकडे अंजनाची रीत तशीच: नखाला किंवा तळव्याला काजळ लावून लहान मुलाला त्यात बघायला सांगायचं, चोर दिसतो का म्हणून. गुप्तधन पायाळू माणसाला दिसतं ही समजूतही त्याच घरातली. (प्रत्यक्षात या नादापायी माणसं लुबाडली गेलीत आणि मुलांचे जीवही गेलेत. हा उपाय गोष्टीपुरताच.)

गोष्टीत याचा फायदा उघड आहे. आरसा तुमच्याकडे, पण दिसतं दुसऱ्याला, आणि तो काय सांगतो त्यावर तुम्ही अवलंबून. त्याला घाबरवता येतं, विकत घेता येतं, त्याला तुमची दया येऊ शकते. एकट्याने लिहिणाऱ्यांना हा उपाय जास्त लागू पडतो. टेबलावर मात्र "बघणारा" हे पात्र एखाद्या खेळाडूलाच द्या, नाहीतर तुम्ही स्वतःशीच बोलत बसाल.

पाचवा, थोडा लबाड उपाय

काही आरशांत बघून काहीच कळत नाही. त्यांच्यावर उजेड टाकून तो भिंतीवर पाडावा लागतो. चीन आणि जपानमध्ये असे कांस्याचे आरसे खरोखर आहेत. समोरून साधा गुळगुळीत आरसा, पण ऊन धरलं की भिंतीवरच्या उजेडात नक्षी उमटते. घासताना पातळ धातू मागच्या नक्षीप्रमाणे अगदी किंचित उंचसखल होतो. डोळ्याला ते दिसत नाही, प्रकाशाला कळतं. जपानमध्ये छुप्या ख्रिश्चनांनी क्रूस लपवण्यासाठी असे आरसे वापरले. अमेरिकेतल्या सिनसिनाटी कला संग्रहालयात असाच एक आरसा कित्येक वर्षं साधा म्हणून पडून होता; त्यावर प्रखर दिवा टाकल्यावर भिंतीवर बुद्धाची आकृती उमटली, आणि २०२२ मध्ये ही बातमी जगभर झाली.

तुमच्या आरशाचं एखादं मोठं गुपित असेल तर ते इथे ठेवा. खेळाडू महिनोन् महिने आरशात डोळे घालून बसतील आणि एकदाही त्याला उन्हात नेणार नाहीत.

उरलेल्या खोड्या

आरशासमोर आरसा धरणारा एक जण प्रत्येक गटात असतो. होऊ द्या. प्रत्येक परतीला थोडा उजेड गळतो, काचेच्या आरशात रंगही हिरवट होत जातो, आणि बोगदा अंधारात संपतो. पलीकडे काय आहे असं विचारलं तर "अंधार" म्हणा आणि गप्प बसा.

प्रतिबिंबाला काही केलं तर मूळ वस्तूला होतं का, असंही विचारतील. बंगालच्या दुर्गापूजेत महास्नान असतं, पण मूर्ती मातीची, पाणी घातलं तर विरघळेल. म्हणून समोर आरसा ठेवून त्यातल्या प्रतिबिंबाला स्नान घालतात. तुमच्या जगातही आरशातून काही पोहोचवायचं असेल तर ते याच धर्तीवर ठेवा: पाणी, उजेड, नमस्कार पोहोचतो, तलवार पोहोचत नाही. तलवार पोहोचू दिलीत तर पुढच्या डावात खलनायक उरणार नाही, आणि मग या लेखाचा काही उपयोग नाही.

मोहीम अर्ध्यावर आली असेल आणि आरसा आधीच सर्वज्ञ होऊन बसला असेल, तर नियम एका दमात बदलू नका. आधी त्याची चमक उतरवा. दोन-तीन वेळा चित्र पुसट दाखवा, मग कारागीर शोधायला लावा. तो कारागीर झिलई करता करता सांगेल की हा आरसा पलीकडच्या पाण्यातलंच दाखवतो, आणि तिकडूनही इकडचं दिसतं. खेळाडू हिशोब करायला लागतील की आजवर आपण कोणाकोणाला बघितलं आणि तेव्हा त्यांच्या आसपास काय चकाकत होतं. पुढच्या काही डावांचं खाद्य त्या यादीतच मिळेल.